मुद्रकाची ओळ

कुठलाही छापील कागद हातात आला की माझी नजर आधी तळाला जाते. लग्नपत्रिका असो, शाळेचं प्रगतिपुस्तक असो की जत्रेतल्या तमाशाचं हँडबिल, मजकूर मी नंतर वाचते. तळाशी, नाहीतर पाठच्या कोपऱ्यात, बारीक टायपात एक ओळ असते: अमुक प्रिंटिंग प्रेस, तमुक गाव. आमच्या घरात तिला 'नावाची ओळ' म्हणत. तासगावला अण्णांचा, म्हणजे माझ्या वडिलांचा, छापखाना होता. एक ट्रेडल, म्हणजे छपाईचं छोटं यंत्र, एक कटिंग मशीन, खिळ्यांच्या, म्हणजे सुट्या धातूच्या अक्षरांच्या, केसेस आणि ती अक्षरं जुळवायला शंकरमामा. पावतीपुस्तकं, लग्नपत्रिका, सोसायट्यांचे अहवाल, पंचायतीचे फॉर्म आणि गणपतीच्या रथोत्सवाचे कार्यक्रम, यांच्यावर घर चालायचं. पावत्यांना नंबर मारणं, फॉर्म दुमडणं, टाचणं ही आईची आणि आम्हा दोघी बहिणींची कामं.

नावाची ओळ हौसेची नव्हती. १८६७ सालचा कायदा होता. छापलेल्या प्रत्येक कागदावर मुद्रकाचं नाव आणि छापल्याचं ठिकाण हवंच, नसेल तर दोन हजारांपर्यंत दंड किंवा सहा महिन्यांपर्यंत कैद. सत्तावन्नच्या उठावाला जेमतेम दहा वर्षं झाली होती तेव्हा इंग्रजांनी केलेला हा कायदा. स्वातंत्र्यानंतरही तो राहिला आणि अगदी अलीकडे, २०२४ च्या मार्चमध्ये, त्याच्या जागी नवा आला. अण्णांनी छापखाना घालताना मॅजिस्ट्रेटपुढे केलेलं डिक्लरेशन काचेच्या चौकटीत लावलं होतं, लक्ष्मीच्या तसबिरीशेजारी. लहानपणी मला तेही देवाचंच काहीतरी वाटायचं.

हे सगळं पुन्हा वर आलं ते मागच्या उन्हाळ्यात. माझी लेक अमेरिकेत मिलवॉकीला असते, तिच्याकडे तीन महिने होते. ती आणि जावई कामाला गेले की मी बस पकडून वाचनालयात जायची. गावाचं जुनं वर्तमानपत्र बघावं, एवढीच इच्छा. कुठल्याही नव्या गावात मी हेच करते. त्यात मुख्य बातम्यांपेक्षा किराणा दुकानाच्या जाहिराती जास्त सांगून जातात. तिथल्या बाईंना माझा उत्साह बघून काय वाटलं कोण जाणे, त्यांनी पडद्यावर एक वेगळंच पत्र उघडून दिलं. नाव 'कॅलिडोस्कोप', पहिला अंक ऑक्टोबर १९६७ चा.

पान बघताक्षणी कळलं की हे कुणा जुळाऱ्याचं काम नव्हे. स्तंभ टंकलेखन यंत्रावर बडवलेले, त्यांच्या कडा वेड्यावाकड्या. मथळ्याची अक्षरं कागदावरून घासून उतरवलेली, एखादं खाली घसरलेलं. चित्रं मजकुरात घुसलेली, मजकूर चित्राभोवती वळलेला. शंकरमामांनी हे पान बघून कपाळाला हात लावला असता. मला मात्र ते सोडवेना. पुढचा दीड महिना मी रोज जात राहिले.

अमेरिकेत त्या काळात अशी पत्रं शेकड्यांनी निघत होती, त्यांना 'भूमिगत' पत्रं म्हणत. सुरुवात साधारण १९६४ च्या मे महिन्यात लॉस एंजेलिसला झाली, 'फ्री प्रेस'पासून. ते काढणारे आर्ट कुंकिन कारखान्यात हत्यारं आणि साचे बनवणारे कारागीर. पुढच्या वर्षी ऑगस्टमध्ये बर्कलीला मॅक्स शेर यांनी 'बार्ब' काढलं, ते मूळचे दारूच्या गुत्त्याचे मालक. त्याच शरद ऋतूत न्यूयॉर्कला 'ईस्ट व्हिलेज अदर' आणि डेट्रॉइटला 'फिफ्थ इस्टेट' आलं. हे दुसरं काढणारा हार्वी ओव्हशिन्स्की फक्त १७ वर्षांचा होता. १९६६ मध्ये अशा पाच पत्रांनी मिळून एक संघ केला. त्याचा नियम मला फार आवडला: एकाचा मजकूर दुसऱ्यानं विनामूल्य छापावा, विचारायचीही गरज नाही. १९६७ मध्ये 'लिबरेशन न्यूज सर्व्हिस' निघाली, ती बातम्यांचे आणि चित्रांचे गठ्ठे टपालानं गावोगाव पाठवायची. व्हिएतनामचं युद्ध चालू, अठरा-वीस वर्षांच्या पोरांना सक्तीच्या भरतीची पत्रं येताहेत, आणि मोठी दैनिकं बराच काळ सरकारी आकडे जसेच्या तसे छापताहेत. पोरांना स्वतःचं पत्र हवंच होतं. खुद्द लष्कराच्या तळांवर शिपायांनी अशी पत्रं काढली. टेक्सासमध्ये फोर्ट हूडला निघणाऱ्याचं नाव 'फटीग प्रेस'. ती शिपायांच्या बराकीत लपवून वाचली जायची, कारण हातात सापडली तर शिक्षा.

शिपायांची पत्रं सोडली तर बाकीच्यांना 'भूमिगत' म्हणणं मला नीटसं पटत नाही. ती भर चौकात विकली जात. अंकावर कार्यालयाचा पत्ता असे, संपादकाचं नाव असे. पोलीस आले तर दारावरच्या पाटीवरून येत. आमच्याकडे 'भूमिगत' शब्द ऐकत वाढलेल्यांच्या डोळ्यांपुढे वेगळंच उभं राहतं. आमच्या जिल्ह्यात पत्री सरकारच्या काळात माणसं उसाच्या फडात महिनोन्‌महिने काढत, नाव बदलत, गाव बदलत. माझ्या आजीनं एका पाहुण्याला तीन दिवस माळ्यावर ठेवलं होतं आणि त्याचं खरं नाव तिला शेवटपर्यंत माहीत नव्हतं. त्या मानानं ही अमेरिकन पोरं उजेडातच होती. म्हणूनच त्यांच्यावर घाव घालणं सोपं होतं, असंही मला हळूहळू दिसायला लागलं.

ऑफसेट नावाचं यंत्र मध्ये आलं नसतं तर यातलं काहीच झालं नसतं. आमच्या छापखान्यात एक ओळ छापायची म्हणजे शंकरमामा केसमधून एकेक खिळा उचलणार, कंपोझिंग स्टिकमध्ये उलटा लावणार, ओळी गॅलीत उतरवणार, प्रूफ काढणार, चुका काढून फर्मा आवळणार. काम झालं की तेच खिळे धुऊन पुन्हा आपापल्या घरात टाकायचे. चार पानांच्या अहवालाला आठवडा लागे. ऑफसेटमध्ये तसं नव्हतं. पान कागदावर चिकटवून तयार करा, त्याचा फोटो काढा, फोटोवरून प्लेट, आणि प्लेटवरून तासाला हजारो प्रती. जुळाऱ्याचं काम कात्री, डिंक आणि टंकलेखन यंत्रावर आलं, म्हणजेच कुणालाही करता येईलसं झालं. काही शे डॉलरांत अंक निघायला लागला. 'बार्ब' आणि 'फ्री प्रेस'चा खप वाढत वाढत लाखाच्या आसपास पोचला तो याच जोरावर.

सॅन फ्रान्सिस्कोच्या 'ओरॅकल'बद्दल तर मी पानंच्या पानं लिहीन. १९६६ च्या सप्टेंबरपासून फेब्रुवारी १९६८ पर्यंत त्याचे फक्त १२ अंक निघाले, पण त्यांतली पानं बघताना मी अक्षरशः खुर्चीत पुढे सरकले. शाईच्या हौदात अडसर घालून शेजारी शेजारी वेगवेगळे रंग ओतायचे. रूळ फिरू लागले की रंग कडेला एकमेकांत मिसळतात आणि कागदावर गुलाबीचा जांभळा, जांभळ्याचा निळा होत जातो. एकाच फेरीत इंद्रधनुष्य, आणि दुसरी प्रत अगदी पहिलीसारखी कधीच नाही. अण्णांनी एका दिवाळीला शुभेच्छापत्रांसाठी असंच करून पाहिलं होतं, लाल आणि पिवळा. ट्रेडलची थाळी फिरते, त्यामुळे शंभराव्या कार्डाला सगळं नारिंगी झालं. अण्णांनी पहिली वीस कार्डं वेगळी काढून ठेवली, ती कुणालाच विकली नाहीत. त्यातलं एक अजून माझ्या कपाटात आहे.

ऑफसेटमुळे जुळारी नको झाला, पण मुद्रक हवाच राहिला. संपादक खोलीत बसून पानं तयार करील, पण वीस-तीस हजार प्रती काढायला अवजड यंत्र लागतं आणि ते कुणातरी धंदेवाईक माणसाच्या मालकीचं असतं. त्या माणसाला इतर गिऱ्हाइकं असतात, बँकेचे हप्ते असतात, गावात तोंड दाखवायचं असतं. जिथे तिथे मुद्रकांनी हात वर केले. एका गावानं नकार दिला की पोरं प्लेटचे कागद गाडीत टाकून दुसऱ्या गावी जात. एफबीआयची माणसं छापखान्यांत जाऊन मालकाशी बोलून येत, त्यानंतर बहुतेक ठिकाणी धमकीची गरज उरत नसे. जाहिरातींचंही तेच. जानेवारी १९६९ मध्ये एफबीआयच्या सॅन फ्रान्सिस्को कार्यालयानं वरच्यांना कळवलं की ही पत्रं जगताहेत ती ग्रामोफोन कंपन्यांच्या जाहिरातींवर, त्यातही कोलंबिया रेकॉर्ड्सच्या. काही महिन्यांत कोलंबियाच्या जाहिराती आटल्या. एफबीआयनं खोटी 'भूमिगत' पत्रंसुद्धा काढली, इंडियाना विद्यापीठात एक, टेक्सासात एक, पोरांच्याच भाषेत पोरांना घरी बसा म्हणून सांगणारी. दुसरीकडे उघड हल्ले होते. अटलांटाच्या 'ग्रेट स्पेकल्ड बर्ड'चं कार्यालय १९७२ च्या मेमध्ये पेटवून दिलं गेलं.

'कॅलिडोस्कोप'चा मुद्रक शोधायला मी निघाले ते सवयीनं. तळाची ओळ बघायची सवय. त्या वाचनातून मला विल्यम शानन भेटले.

मिलवॉकीच्या उत्तरेला चाळीसेक किलोमीटरवर, मिशिगन सरोवराच्या काठी, पोर्ट वॉशिंग्टन नावाचं गाव आहे. लेक मला एका रविवारी तिथे घेऊन गेली. टेकडीवर चर्च, खाली बंदर, आणि सरोवर एवढं मोठं की पलीकडचा काठ दिसत नाही. तेव्हा वस्ती जेमतेम नऊ हजार, म्हणजे आमच्या तालुक्याच्या गावाहून लहान. तिथे शानन 'ओझॉकी प्रेस' नावाचं साप्ताहिक चालवत. आसपासची आणखी दोन साप्ताहिकं त्यांचीच होती, ग्राफ्टनचं आणि मेक्वानचं. लग्न, बारसं, शाळेची मॅच, पंचायतीची सभा, दुकानांच्या जाहिराती, असं घरोघरी जाणारं पत्र. स्वतःची साप्ताहिकं छापून झाली की यंत्र रिकामं राही, म्हणून बाहेरची कामं घेत. त्यातलंच एक काम 'कॅलिडोस्कोप'.

पत्र काढणारा जॉन कॉइस तरुण होता. मिलवॉकीत तेव्हा फादर ग्रोपी यांच्याबरोबर काळी मुलं सलग २०० रात्री मोर्चे काढत होती, घर भाड्यानं आणि विकत घेताना रंग बघू नये म्हणून. १९६८ च्या सप्टेंबरात १४ जणांनी सैन्यभरतीच्या फायली चौकात नेऊन जाळल्या. 'कॅलिडोस्कोप' या सगळ्याच्या आत उभं राहून लिहीत होतं. त्याचबरोबर त्यात गांजा होता, शिव्या होत्या, नागडी चित्रं होती. शानन हे मधल्या वयाचे, संसारी, गावात मान असलेले गृहस्थ. त्यातलं बरंच त्यांना स्वतःला पटत नव्हतं. तरी ते छापत राहिले. पत्र काढण्याचा हक्क आहे म्हणायचं आणि ते छापायला कुणीच तयार नाही, असा हक्क कसला, हे त्यांचं म्हणणं होतं.

१९६९ च्या जूनमध्ये ग्राफ्टनमधले एक कारखानदार, बेंजामिन ग्रॉब, यांनी सुमारे ५०० लोकांना पत्र पाठवलं. शानन यांच्या पत्रांवर बहिष्कार घाला, आणि त्यांच्या पत्रांत जो जाहिरात देईल त्याच्यावरही घाला. हे दुसरं वाक्य मी परत परत वाचलं. शानन यांच्याशी ज्याचं काही भांडण नाही अशा वाण्यालाही त्यात ओढलं होतं. जाहिराती एकामागून एक बंद झाल्या. वर्षानुवर्षांचे व्यापारी, ज्यांच्या मुलांची लग्नं त्यांनीच छापली होती, ते फोन उचलेनात. 'कॅलिडोस्कोप' छापणं थांबवलं असतं तर दुसऱ्या दिवशी सगळं पूर्ववत झालं असतं. ते काम त्यांच्या धंद्याचा अगदी छोटा हिस्सा होता. त्यांनी थांबवलं नाही. उलट इतरांनी नाकारलेली कामं त्यांच्याकडे यायला लागली, शिकागोच्या 'सीड'सारखी, आणि त्यांनी तीही घेतली. तीनपैकी दोन साप्ताहिकं हातची गेली. १९७१ मध्ये हृदयविकारानं ते गेले. 'ओझॉकी प्रेस' पुढे त्यांच्या मुलानं चालवलं.

बंदरावरच्या बाकावर बसून मी हे लेकीला सांगत होते. तिनं विचारलं, "आजोबा असते तर?" मी काही बोलले नाही. तिला ती गोष्ट मी कधी सांगितलेलीच नव्हती.

१९७५ साली मी बारा वर्षांची होते. जूनच्या अखेरीला आणीबाणी आली, आणि आमच्या घरात ती आली कागदाच्या रूपानं. वीस कलमी कार्यक्रमाची हँडबिलं, कुटुंब नियोजनाची पत्रकं, बचतीची आवाहनं. सरकारी काम अण्णांना इतकं कधीच मिळालं नव्हतं. ट्रेडल रात्री नऊपर्यंत चालायचं. आम्ही बहिणी वीस कलमं दुमडत बसायचो, मला ती पाठ झाली होती.

त्या दिवाळीनंतरची एक रात्र. मागच्या दारानं गुरुजी आले. माझ्या शाळेत मराठी शिकवायचे, अण्णांचे लहानपणापासूनचे मित्र. सेवादलातले. त्यांनी सदऱ्याच्या आतून एक ताव काढला, दोन्ही बाजूंनी बारीक अक्षरात लिहिलेला. तुरुंगात कोण कोण आहेत त्यांची नावं, आणि वर्तमानपत्रांत न आलेल्या काही बातम्या. पाचशे प्रती हव्या होत्या. आई चहा ठेवायला उठली, आणि मी गोधडीखाली जागी होते.

अण्णांनी ताव पूर्ण वाचला. छापखानेवाल्याची वाचायची पद्धत असते, ओठ न हलवता, बोट ओळीवरून सरकवत, कुठे किती जागा जाईल याचा हिशेब करत. वाचून झाल्यावर त्यांनी तो घडी करून गुरुजींच्या हातात दिला. "जमायचं नाही."

"नाव नको घालूस खाली. बिननावाचं काढ."

"नाव नाही घातलं तरी खिळा बोलतो," अण्णा म्हणाले.

हे वाक्य मला कळायला पुढे बरीच वर्षं लागली. वापरून वापरून खिळे झिजतात, तुटतात. आमच्या बारा पॉइंटातल्या एका 'श'चं पोट फुटलं होतं, एका काना-मात्रेचं टोक उडालं होतं. गावात छापखाने दोन. कुठलाही कागद उजेडात धरला तर तो कुठला, हे शंकरमामा अक्षरांच्या झिजेवरून सांगत. दुसऱ्या छापखान्याचा जुळारीही आमचं काम ओळखत असे. फौजदारानं त्याला फक्त विचारायचं होतं. गुरुजी तसेच उठले. चहा तसाच राहिला. पुढे ती पत्रकं कुठल्याशा सायक्लोस्टाइल यंत्रावर निघाली, निळसर, पुसट. फेब्रुवारीत गुरुजींना मिसाखाली, म्हणजे खटल्याशिवाय डांबून ठेवायच्या कायद्याखाली, धरलं. कशावरून, ते आम्हाला कळलं नाही.

मुंबईत मिनू मसानी यांनी त्याच फेब्रुवारीत, १९७६ मध्ये, सेन्सॉरविरुद्ध उच्च न्यायालयात खटला जिंकला. 'फ्रीडम फर्स्ट' या त्यांच्या मासिकातला मजकूर सेन्सॉरनं अडवला होता. न्यायालयानं सांगितलं की सरकारवर टीका करणं म्हणजे गुन्हा होत नाही. पण तासगावच्या ट्रेडलवाल्याला उच्च न्यायालय किती लांब होतं, हे मला आता समजतं. तेव्हा समजत नव्हतं.

कॉलेजला सांगलीत गेले आणि माझ्या हाताला मुंबईचा तो काळ लागला. १९५४ मध्ये दिलीप चित्रे, अरुण कोलटकर या कवी मंडळींनी सायक्लोस्टाइल करून काढलेलं 'शब्द', मग साठीतली लघुअनियतकालिकं, राजा ढाले यांचं 'येरू', १९६९ मधली 'सत्यकथा' मासिकाची होळी, १९७२ ची दलित पँथर. पँथर हे नाव ज्या अमेरिकन संघटनेवरून घेतलं तिचंही पत्र होतं. १९६७ च्या एप्रिलमध्ये निघालेला 'ब्लॅक पँथर'चा पहिला अंक हातयंत्रावर काढलेली चार पानं होती, पोलिसांनी मारलेल्या डेन्झिल डॉवेल नावाच्या तरुणाबद्दल. पुढे त्याची चित्रं काढणारे एमरी डग्लस छपाईचं काम शिकले होते ते मुलांच्या सुधारगृहातल्या छापखान्यात. काळ्याच्या जोडीला एकच रंग परवडायचा, तर त्या एका रंगात त्यांनी काय काय केलंय! मिलवॉकीत ती पानं बघताना मला रडू आलं. पण वीस वर्षांची असताना मला यातलं सगळं माहीत नव्हतं, आवेश मात्र होता. एका सुट्टीत घरी आले, जेवताना कशावरून तरी विषय निघाला आणि मी अण्णांना म्हणाले, "तुम्ही वीस कलमं छापलीत आणि गुरुजींचा एक ताव छापला नाहीत."

अण्णांनी घास खाली ठेवला. "शंकरला तीन पोरी होत्या," एवढंच म्हणाले, आणि हात धुवायला उठले. त्या घरात त्या दिवशी कुणीच पुरतं जेवलं नाही.

शानन यांच्याकडेही कामगार होते. त्यांच्या पोरीबाळींचा विचार शानन यांनी केला नसेल असं मी म्हणू शकत नाही. हाच विचार करून एकानं यंत्र चालू ठेवलं आणि दुसऱ्यानं चालवलं नाही. पोर्ट वॉशिंग्टनच्या बाकावर मला शानन यांच्यापुढे वाकावंसं वाटलं, आणि त्याच वेळी अण्णांना ओरडून बोलल्याबद्दल माझा मलाच राग आला. दोन्ही एकदम झालं. त्यातलं एक सोडून दुसरं धरायला मला अजून जमलेलं नाही.

त्या अमेरिकन पत्रांवर माझं प्रेम बसलं म्हणून त्यांचे दोष मला दिसले नाहीत असं नाही. अंकामागून अंक बघताना एक गोष्ट घशात अडकायची. बाईचं चित्र आलं की ते बहुतेक उघडंच, आणि मागच्या पानावर तसल्याच जाहिराती, ज्यांच्यावर पत्र जगायचं. आत कार्यालयात मुली टंकलेखन करत, अंक दुमडत, पत्ते चिकटवत. लेख पुरुषांचे. मी दुमडत बसलेली पोर, मला ते नकळत ओळखीचं वाटलं. न्यूयॉर्कच्या 'रॅट' पत्रात जानेवारी १९७० मध्ये तिथल्या बायकांनी अंकच ताब्यात घेतला आणि रॉबिन मॉर्गन यांनी त्या पुरुषांना जाहीर रामराम ठोकला. तो लेख सगळ्यांनी वाचावा असा आहे. ज्यांनी जगाला मोकळं करायचं म्हटलं त्यांना शेजारच्या टेबलावरची बाई दिसू नये, याचं मला वाईट वाटतं, आणि वाटत राहीलही.

'कॅलिडोस्कोप' काढणाऱ्या कॉइस यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला होता, त्याचं शेवटी काय झालं ते मी वाचनालयातल्या अखेरच्या दिवशी शोधलं. १९६८ च्या एका अंकात त्यांच्याच छायाचित्रकाराच्या अटकेची बातमी होती आणि तिच्यासोबत एका नग्न जोडप्याची दोन लहान चित्रं. दुसऱ्या एका अंकातल्या कवितेवरही आरोप होता. दोन्ही आरोपांवर प्रत्येकी हजार डॉलर दंड झाला, शिवाय शिक्षाही. प्रकरण थेट अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. २६ जून १९७२ ला न्यायालयानं ती शिक्षा रद्द केली. तोवर 'कॅलिडोस्कोप' बंद पडून सात महिने झाले होते, आणि शानन यांना जाऊन वर्षाहून अधिक.

ही पानं मला बघायला मिळाली ती त्या पत्रांच्या संघानं वेळीच एका कंपनीशी करार करून अंकांची मायक्रोफिल्म काढून ठेवली म्हणून. हलक्या कागदावरचे मूळ अंक पिवळे पडून चुरा होतात. आमचं निळसर सायक्लोस्टाइल तर कुणाकडेच राहिलं नाही. गुरुजींच्या तावातली ती नावं मी कितीदा आठवायचा प्रयत्न केला, पण मला तो ताव दिसला होता फक्त गोधडीच्या फटीतून, उलटा.

गुरुजी १९७७ मध्ये सुटून आले. वाळले होते, पण हसत होते. पुढच्या वर्षी त्यांच्या मोठीचं लग्न ठरलं तेव्हा पत्रिकेचा मजकूर घेऊन ते आमच्याकडेच आले, या वेळी पुढच्या दारानं. अण्णांनी शंकरमामांना बाजूला सारलं आणि तो मजकूर स्वतः जुळवला. नवे खिळे वापरले, सांगलीहून नुकतेच आणलेले. प्रूफ गुरुजींच्या हातात दिलं तेव्हा मी तिथेच नंबर मारत बसले होते. गुरुजींनी गणपतीपासून खाली वाचत आणलं, आप्तेष्टांच्या नावांशी थांबले, आणि मग कागद उलटून पालटून बघितला.

"नाव कुठाय रे तुझं?"

"राहू दे," अण्णा म्हणाले. "काय करायचंय."

गुरुजींनी अण्णांच्या कानामागची पेन्सिल काढली, पत्रिकेच्या तळाशी आमच्या छापखान्याचं नाव लिहिलं, खाली तासगाव लिहिलं, आणि प्रूफ परत दिलं.